पाडलेल्या वाड्याच्या पत्त्यावर गेलेली चार्जशीट

२७ फेब्रुवारी २०१७, सोमवार. मामा सकाळी साडेसहाला डबा घेऊन निघाला, खिशात डॉक्टरचं फिटनेस सर्टिफिकेट, सहा महिन्यांनी पहिल्यांदा अंगावर इस्त्रीचा शर्ट, आणि आठ वाजता परत दारात. मामीला वाटलं काहीतरी विसरला असेल. गेटवरच्या सिक्युरिटीवाल्याने आत सोडलंच नव्हतं, त्याने टाइम ऑफिसला फोन लावला तर तिकडून सांगितलं की यांचं नाव मस्टरवरून काढलंय, जानेवारीतच बडतर्फ झालेत, ऑर्डर पोस्टाने गेलीये. मामाला ऑर्डर मिळाली नव्हती, चार्जशीट (ऑफिसचं आरोपपत्र) मिळाली नव्हती, चौकशी झाली हेही त्याला त्या दिवशी गेटवर उभं राहून कळलं.

संस्थेचं नाव लिहीत नाही, मामाला अजून तिथेच नोकरी करायचीये. एवढंच सांगतो की सरकारी मालकीचा उपक्रम आहे, पुण्यात वर्कशॉप आहे, आणि मामा १९९७ला हेल्पर म्हणून लागून पुढे फिटर झाला होता. मी वकील नाही, अकाउंट्समध्ये काम करतो, पण केसची फाइल सात वर्षं माझ्या कपाटात होती आणि निम्म्या तारखांना मीच त्याच्याबरोबर बसलेलो असायचो, त्यामुळे काय काय घडलं ते बऱ्यापैकी पाठ आहे.

आधी आजारपण. ऑगस्ट २०१६मध्ये मामाची पाठ धरली, आधी वाटलं लोखंड उचलून उचलून झालं असेल, मग एमआरआयमध्ये मणक्याचा टीबी निघाला. डॉक्टरांनी झोपून राहायला सांगितलं, औषधं महापालिकेच्या दवाखान्यातून सुरू झाली. आता मामाने काय केलं, तर रजेच्या अर्जात टीबी लिहिलंच नाही. टीबी म्हटलं की लोक डब्याला हात लावत नाहीत, मुलीचं लग्न जमवायचंय, वगैरे वगैरे. अर्जात लिहिलं "पाठदुखीमुळे येऊ शकत नाही", अर्ज एका सहकाऱ्याच्या हाती पाठवला आणि फोरमनला व्हॉट्सॲपवर मेसेज टाकला. सहकाऱ्याने अर्ज टाइम ऑफिसच्या टेबलावर ठेवला. इनवर्डला नोंद नाही, ओसीवर, म्हणजे आपल्याकडे राहणाऱ्या प्रतीवर, शिक्का नाही. पुढच्या सात वर्षांतली बरीचशी वर्षं या एका शिक्क्याची भरपाई करण्यात गेली असं मला वाटतं.

आणि दुसरी गोष्ट म्हणजे पत्ता. मामा मूळचा शुक्रवार पेठेतल्या वाड्यातला भाडेकरू. वाडा रिडेव्हलपमेंटला गेला, पाडला, भोवती पत्रे लागले, मामा २०१३मध्ये धायरीला राहायला आला. ऑफिसला त्याने तेव्हा पत्ता कळवला होता, पण सर्व्हिस बुकात कोणी बदलला नाही. सप्टेंबर २०१६मध्ये ३८ दिवस विनापरवाना गैरहजर म्हणून चार्जशीट निघाली ती आरपीएडीने, म्हणजे पोचपावतीच्या रजिस्टर पोस्टाने, शुक्रवार पेठेत. पोस्टमनने पाकिटावर "लेफ्ट" असा शेरा मारून परत पाठवली. मग इन्क्वायरीची नोटीस, तीही तिकडेच, तोच शेरा. मग एका छोट्या पेपरात जाहीर नोटीस जी आमच्यापैकी कोणी पाहिली नाही, आणि मग एका बैठकीत एक्स पार्टे म्हणजे एकतर्फी चौकशी, टाइमकीपरचा जबाब, मस्टरचा उतारा, आरोप सिद्ध. ६ जानेवारी २०१७ची बडतर्फीची ऑर्डर, तीसुद्धा त्या पत्र्यांकडेच पाठवलेली. म्हणजे वाडा अस्तित्वात नाही आणि संस्था तीन-तीन वेळा त्याला रजिस्टर पत्रं लिहितेय.

गेटवरून परत आल्यावर पहिला महिना आम्ही वाया घालवला, हे प्रामाणिकपणे सांगितलं पाहिजे. महापालिकेची निवडणूक नुकतीच झालेली, युनियनचे पुढारी गुलालात, "साहेबांशी बोलतो, होऊन जाईल" असं प्रत्येक जण म्हणायचा. मामा रोज सकाळी आंघोळ करून कोणाच्या ना कोणाच्या केबिनबाहेर जाऊन बसायचा. एकाने सांगितलं दयेचा अर्ज करा, तो केला. एकाने सांगितलं तुम्ही सरकारी माणूस, राज्यघटनेचं कलम ३११ आहे, चौकशीशिवाय काढताच येत नाही, थेट हायकोर्टात जा.

हे ३११चं खूप जणांच्या डोक्यात असतं म्हणून थोडं थांबतो. ते कलम केंद्राच्या किंवा राज्याच्या नागरी सेवेतल्या माणसांसाठी आहे. महामंडळ, सरकारी कंपनी, परिवहन उपक्रम, यांचा पगार शेवटी सरकारी तिजोरीतून येत असला तरी तिथला कामगार त्या अर्थाने सरकारी नोकर नाही, सुप्रीम कोर्टाने १९६९मध्येच हिंदुस्तान स्टीलच्या डॉ. अगरवाल केसमध्ये ते सांगून ठेवलंय. राज्य सरकारचा कर्मचारी असेल तर मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) जातो, केंद्राचा असेल तर कॅटमध्ये (केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण), सरकारी बँकेतला शिपाई-क्लार्क असेल तर त्याचा वाद केंद्राच्या लेबर कमिशनरकडून मुंबईच्या केंद्रीय औद्योगिक न्यायाधिकरणात, आणि मामासारखा राज्याच्या अखत्यारीतल्या उपक्रमाचा कामगार असेल तर लेबर कोर्ट. चुकीच्या दारात दोन वर्षं बसून मग "आम्हाला अधिकारक्षेत्र नाही" ऐकून परत आलेली माणसं मी लेबर कोर्टाच्या बाकावर पाहिलीत. हायकोर्टाचं दार अगदी बंद नसतं, संस्था सरकारी असल्याने तिला समानतेचं कलम १४ लागू होतंच, पण तथ्यांचा वाद असला की हायकोर्ट म्हणतं आधी लेबर कोर्टात जा, साक्षीपुरावा तिकडे होऊ दे.

वकील मॅडम मिळाल्या त्या मामीच्या ओळखीतून, मामी ज्यांच्याकडे पोळ्या करायची त्यांची बहीण. (फी परवडत नसेल तर एक गोष्ट लक्षात ठेवा, १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यात औद्योगिक कामगाराला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, त्याला उत्पन्नाची अट नाही. शिवाजीनगर कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे. आम्हाला हे तीन वर्षांनी कळलं.) मॅडमनी ऑर्डरची तारीख बघितली, कॅलेंडर काढलं आणि पहिलं वाक्य बोलल्या, "तुमच्याकडे अकरा दिवस उरलेत."

तर झालं असं की आमच्यापुढे दोन रस्ते होते. एक औद्योगिक विवाद कायदा १९४७, त्याच्या कलम २अ खाली आधी वाकडेवाडीच्या लेबर कमिशनर ऑफिसात अर्ज करायचा, तडजोड होते का बघायचं, ४५ दिवस झाले की २०१०च्या दुरुस्तीनंतर कामगार स्वतः थेट लेबर कोर्टात जाऊ शकतो, मुदत बडतर्फीपासून तीन वर्षं. दुसरा रस्ता खास महाराष्ट्राचा, कामगार संघटना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधाचा १९७१चा कायदा, ज्याला कोर्टात सगळे एमआरटीयू-पल्प म्हणतात आणि त्याखालच्या तक्रारीला यूएलपी, म्हणजे अनुचित कामगार प्रथेची तक्रार. ती थेट लेबर कोर्टात टाकता येते, मध्ये कमिशनर नाही, अंतरिम आदेश मागता येतो, पण मुदत फक्त ९० दिवस. उशीर माफ होऊ शकतो, त्यासाठी मात्र सबळ कारण दाखवावं लागतं. आणि एकदा एका रस्त्याने गेलात की त्याच भांडणासाठी दुसऱ्याने जाता येत नाही, कलम ५९. युनियनवाल्याने वाकडेवाडीचा अर्ज टाइप करून तयार ठेवला होता, सही तेवढी राहिलेली. मॅडमनी तो अर्ज फायलीतून काढून मला दिला आणि म्हणाल्या, हा घरी न्या, पाठकोरा वापरा.

मॅडमनी यूएलपी निवडली याचं कारण त्या कायद्याच्या चौथ्या परिशिष्टातली पहिली बाब. तिथे कामावरून काढण्याचे कोणकोणते प्रकार अनुचित ते अ, ब, क करून दिलेत आणि वाचताना वाटतं कोणीतरी मामाची फाइल समोर ठेवूनच लिहिलंय. विनारजा गैरहजेरीचा खोटा किंवा रचलेला आरोप, हा एक. चौकशीत नैसर्गिक न्यायाची तत्त्वं धाब्यावर बसवणं किंवा अवाजवी घाई करणं, हा दुसरा. किरकोळ किंवा तांत्रिक चुकीसाठी आधीची नोकरी न बघता धक्कादायक वाटावी इतकी मोठी शिक्षा, हा तिसरा. मामाच्या वीस वर्षांत एक साधा मेमो नव्हता. कलर-केम कंपनीच्या केसमध्ये, १९९८चा निकाल, नाइट शिफ्टला मशीन चालू ठेवून झोपलेल्या कामगारांना काढलं होतं आणि तिथे शिक्षा फारच जास्त झाली हेच सुप्रीम कोर्टाने मान्य केलं होतं, मॅडम हा निकाल कायम बॅगेत ठेवायच्या.

३ एप्रिल २०१७ला तक्रार दाखल झाली. सत्त्याऐंशीवा दिवस.

अंतरिम आदेश मिळाला नाही. आम्ही कलम ३०(२) खाली मागितलं होतं की निकाल लागेपर्यंत कामावर घ्या, कोर्ट म्हणालं कागदावर चौकशी झालेली दिसतेय, ती बरोबर का चूक ते पुराव्यानंतर बघू. घरी येताना मामा स्वारगेटपर्यंत काही बोलला नाही, मग म्हणाला, "म्हणजे आता बरीच वर्षं." त्याला कळलं होतं, मला नव्हतं.

त्या उन्हाळ्यात आरटीआयने खेळ फिरवला. सार्वजनिक संस्थेने काढलंय याचा हा एक मोठा फायदा, खासगी कंपनीच्या कपाटात तुम्ही डोकावू शकत नाही, इथे दहा रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावून स्वतःच्याच चौकशीची अख्खी फाइल मागता येते. मी अर्ज लिहिला आणि मॅडमनी सांगितलं तसं सुटं सुटं मागितलं, आउटवर्ड रजिस्टरची पानं, परत आलेल्या पाकिटांच्या दोन्ही बाजूंच्या झेरॉक्स, पोस्टाच्या पावत्या, इन्क्वायरी ऑफिसरचा रिपोर्ट, आणि बडतर्फीच्या टिपणीची, म्हणजे ऑफिसातल्या अंतर्गत शेऱ्यांच्या कागदाची, प्रत. सगळे टिपणी मागायचं विसरतात. आमच्याकडे ती आली आणि तिच्यावर आस्थापना विभागाचा शेरा होता की आरोप सिद्ध झाल्याने बडतर्फ करण्यास हरकत नसावी, खाली सही, तारीख २८ डिसेंबर २०१६. आणि इन्क्वायरी ऑफिसरच्या रिपोर्टवर तारीख होती ३० डिसेंबर. म्हणजे आरोप सिद्ध झाल्याचा रिपोर्ट यायच्या दोन दिवस आधीच शिक्षा ठरली होती. मी ती दोन पानं शेजारी शेजारी ठेवून कितीतरी वेळ बघत बसलो होतो. मॅडम फक्त हसल्या आणि म्हणाल्या, "अवाजवी घाई."

पत्त्याचा पुरावा मात्र माझ्या धंद्यातून आला, त्याचा मला अजून अभिमान आहे. संस्थेने लेखी कैफियतीत म्हटलं होतं की कामगाराने पत्ता बदलल्याचं कधी कळवलंच नाही, आणि मामाकडे तर २०१३च्या अर्जाची ओसी नव्हती. मी मामाची इन्कम टॅक्सची कागदं चाळत होतो आणि फॉर्म १६, म्हणजे पगारातून कापलेल्या टॅक्सचा संस्थेने दिलेला दाखला, हातात आला. फॉर्म १६ वर कर्मचाऱ्याचा पत्ता असतो, आणि २०१४-१५ व २०१५-१६ दोन्हीवर पत्ता धायरीचा. खाली संस्थेच्याच अधिकाऱ्याची सही. पगार विभागाला माणूस धायरीला राहतो हे माहीत होतं, आस्थापना विभाग शेजारच्या खोलीत बसून पाडलेल्या वाड्याला चार्जशीट धाडत होता.

कायद्याचं म्हणाल तर पोस्टाने पाठवलं म्हणजे पोचलं असं कोर्ट धरून चालतं, जनरल क्लॉजेस ॲक्टचं कलम २७, पण त्यात अट आहे की पत्ता बरोबर हवा. "रिफ्युज्ड" शेरा असेल तर अवघड जातं, माणसाने मुद्दाम घेतलं नाही असं धरतात. "लेफ्ट" किंवा "सापडला नाही" असेल तर गोष्ट वेगळी. १९९८मध्ये दीनानाथ शांताराम करेकर यांच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने हेच म्हटलं, चार्जशीट "सापडला नाही" शेऱ्याने परत आली आणि पुढची नोटीस पेपरात छापून भागवलं, तर ती बजावणी होत नाही आणि त्यावर उभी केलेली कारवाई टिकत नाही. आमच्या केसला हा निकाल इतका फिट बसत होता की मॅडमनी आर्ग्युमेंटला सुरुवातच त्यावरून केली. (ही आरपीएडी आता गेली म्हणा, २०२५मध्ये रजिस्टर पोस्ट स्पीड पोस्टात विलीन झालंय. पाकीट जपून ठेवायचं ते तसंच.)

जुलै २०१९मध्ये पार्ट वन ऑर्डर आली. लेबर कोर्टात आधी एवढंच ठरतं की चौकशी योग्य झाली का आणि तिचे निष्कर्ष पुराव्याला धरून आहेत का, आणि कोर्टाने सांगितलं चौकशी अयोग्य, निष्कर्ष विपर्यस्त. रिपोर्टची प्रत मामाला दिली नव्हती हेही त्यात आलं, ती द्यावीच लागते हे १९९३पासून करुणाकर केसने पक्कं आहे. आम्ही पेढे वाटले. मामीने देवासमोर नारळ फोडला.

इथे आमचा पोपट झाला. चौकशी रद्द झाली म्हणजे केस जिंकली असं नसतं. संस्थेने आपल्या कैफियतीत शेवटी एक ओळ टाकून ठेवली होती की चौकशी सदोष ठरल्यास आरोप कोर्टासमोर सिद्ध करण्याची संधी द्यावी. ही ओळ सुरुवातीलाच टाकलेली असेल तर ती संधी मिळते, कर्नाटक एसटीच्या लक्ष्मीदेवम्मा केसमध्ये २००१ला घटनापीठाने ते ठरवून दिलंय. म्हणजे आता सगळं नव्याने, टाइमकीपर साक्षीला, फोरमन साक्षीला, मस्टर एक्झिबिटला.

गैरहजेरी तर होतीच, ती कोण नाकारणार. सगळा मुद्दा एका शब्दावर आला, हेतुपुरस्सर. कृष्णकांत परमार यांच्या २०१२च्या निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की माणूस न सांगता गैरहजर राहिला एवढ्यावरून ते गैरवर्तन ठरत नाही, आजारपण, अपघात, दवाखाना अशी हाताबाहेरची कारणं असू शकतात, गैरहजेरी जाणूनबुजून होती हे सिद्ध व्हावं लागतं. त्याच्याही आधी १९९३मध्ये डी. के. यादव केसमध्ये तर स्टँडिंग ऑर्डरमध्येच लिहिलेलं होतं की आठ दिवसांपेक्षा जास्त गैरहजर तर नोकरी आपोआप संपली, आणि तरीही कोर्ट म्हणालं की माणसाचं ऐकून घेतल्याशिवाय नाव कापता येणार नाही. आता उलट बाजूचेही निकाल आहेत, बँकांच्या करारात ठरावीक दिवसांनंतर स्वेच्छानिवृत्ती धरायचं कलम असतं आणि नोटीस मिळूनही माणूस आला नाही तर कोर्टाने बँकेची बाजू घेतलीये. नोटीस मिळाली होती का, तिथेच गाडी परत येते.

मग आजारपण सिद्ध करायचं, आणि अर्जात तर पाठदुखी. संस्थेच्या वकिलांनी मामाला क्रॉसमध्ये हेच विचारलं, टीबी होता तर लिहिलं का नाही, म्हणजे हे नंतर सुचलेलं आहे ना. मामा बराच वेळ गप्प उभा होता. मग म्हणाला, "साहेब, मुलीचं बघत होतो तेव्हा." स्टेनोने ते टाइप केलं की नाही मला आठवत नाही. केस वाचवली ती महापालिकेच्या दवाखान्यातल्या टीबीच्या उपचार कार्डाने. त्यावर ऑगस्टपासूनच्या डोसच्या तारखा होत्या, नर्सच्या सह्या होत्या, आणि ते सरकारी कागद, खासगी डॉक्टरचं दोनशे रुपयांत मिळणारं सर्टिफिकेट नव्हे. मामी ते कार्ड फाडून टाकणार होती. मामाची मुलगी, जिच्या लग्नापायी हे सगळं लपवलं, तिनेच ते शाळेच्या दप्तरात जपून ठेवलेलं.

व्हॉट्सॲप मेसेजची वेगळीच गंमत. तो मूळ फोन मामाने एक्सचेंजमध्ये देऊन टाकलेला, हातात फक्त स्क्रीनशॉटची प्रिंट. संस्थेने हरकत घेतली की इलेक्ट्रॉनिक पुराव्याला पुरावा कायद्याच्या कलम ६५बचं सर्टिफिकेट लागतं, ते कुठाय. लेबर कोर्टात पुरावा कायदा तंतोतंत लावत नाहीत हे खरं, पण आम्ही घाबरलो होतो. जानेवारी २०२०मध्ये फोरमन उलटतपासणीला उभा राहिला. चांगला माणूस, निवृत्तीला आलेला. मॅडमनी साधं विचारलं, ऑगस्टमध्ये यांचा तुम्हाला काही निरोप आला होता का. तो मॅनेजमेंटच्या वकिलाकडे बघत म्हणाला, हो, मेसेज आला होता, मी टाइम ऑफिसला तोंडी सांगितलं होतं. संपलं. स्क्रीनशॉटची गरजच उरली नाही.

मार्च २०२०ला लॉकडाऊन, कोर्ट बंद, मग अर्धवट चालू, मग लेबर कोर्टाचे जज बदलले, नवीन जज येईपर्यंत "तारीख घ्या". या अडीच वर्षांबद्दल लिहिण्यासारखं काही नाही, रोजनाम्यात एकाखाली एक तारखा आहेत तेवढंच.

आता पैशांचं. कामावर परत घेण्याइतकाच मागच्या पगाराचा प्रश्न मोठा असतो, आणि त्यात बहुतेक लोक स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतात. दीपाली गुंडू सुरवसे ही आपल्याच महाराष्ट्रातली शिक्षिका, तिच्या केसमध्ये २०१३ला सुप्रीम कोर्टाने म्हटलं की काढणं बेकायदा ठरलं तर पूर्ण मागचा पगार हा साधारण नियम. पण आधी कामगाराने शपथेवर सांगायचं असतं की मधल्या काळात मी कुठे पगारी नोकरीला नव्हतो, ते सांगितल्यावर मग उलट सिद्ध करायची जबाबदारी मालकावर जाते. हे वाक्य अफिडेव्हिटमध्ये नसेल तर मागचा पगार हातचा जाऊ शकतो.

मामा २०१८पासून नऱ्ह्याच्या एका गॅरेजमध्ये जात होता. महिन्याचे नऊ हजार, रोख. ओळखीतले सगळे म्हणाले, सांगूच नको, कोण बघतंय, बेकार होतो म्हण. मॅडम म्हणाल्या शपथेवर खोटं बोलायचं असेल तर दुसरा वकील बघा. मला तेव्हा त्यांचा राग आला होता, खरं सांगतो. त्यांनी अफिडेव्हिटमध्ये गॅरेजही लिहिलं, पैसेही लिहिले, आणि त्याला जोडून राजिंदरकुमार किंद्रा यांचा १९८४चा निकाल लावला. त्या माणसाने नोकरी गेल्यावर सासऱ्यांच्या कोळशाच्या वखारीत मदत करून पोट भरलं, मालक म्हणाला बघा हा कमावतोय, तर सुप्रीम कोर्टाने सुनावलं की याला कमाई म्हणायचं तर उद्या भीक मागून जगणाऱ्यालाही तुम्ही कमावता म्हणाल. आणि पुढच्याच तारखेला संस्थेच्या वकिलांनी बॅगेतून फोटो काढला, मामा गॅरेजमध्ये बसच्या चाकाखाली वाकलेला. आमचं अफिडेव्हिट आधीच रेकॉर्डवर होतं. जजनी फोटो बघितला, बाजूला ठेवला. खोटं लिहिलं असतं तर काय झालं असतं याचा विचार करून मला त्या रात्री झोप आली नाही.

सप्टेंबर २०२२मध्ये निकाल. बडतर्फी ही अनुचित कामगार प्रथा, मूळ जागी परत घ्या, सेवा अखंड धरा, ५० टक्के मागचा पगार. पूर्ण का नाही, तर गॅरेजची कमाई आणि अर्जात खरा आजार न लिहिणं, दोन्ही कोर्टाने मोजलं. मला ते ५० टक्के आजही कमी वाटतात, मामाला वाटत नाहीत.

निकालातले दोन शब्द मॅडमनी सुरुवातीपासून मागणीत लिहून ठेवले होते, "आनुषंगिक लाभांसह". आम्हाला वाटायचं सेवा अखंड म्हटलं की इन्क्रिमेंट आलीच. तसं नाही. आंध्र एसटीच्या नरसागौड केसमध्ये २००३ला सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की नुसतं अखंड सेवा म्हटल्याने बाहेर राहिलेल्या वर्षांच्या वेतनवाढी आपोआप मिळत नाहीत, आदेशात तसं म्हणावं लागतं. या दोन शब्दांची किंमत मी एक्सेलमध्ये काढली होती, पेन्शन नसलेल्या माणसाला ग्रॅच्युइटीत आणि पीएफमध्ये ती शेवटपर्यंत पुरते.

संस्था गप्प बसली नाही, कलम ४४ खाली इंडस्ट्रियल कोर्टात रिव्हिजन टाकली. तिथे पुरावा पुन्हा तोलत नाहीत, खालच्या कोर्टाने ढळढळीत चूक केलीये का तेवढंच बघतात. नोव्हेंबर २०२३ला रिव्हिजन फेटाळली. मग आम्ही हायकोर्टाच्या रिटची वाट बघत बसलो, मामाने सिंहगड एक्स्प्रेसचं टाइमटेबल विचारून ठेवलं होतं. (पुण्याची हायकोर्टाची केस अजूनही मुंबईलाच जाते, कोल्हापूरला ऑगस्ट २०२५मध्ये सर्किट बेंच सुरू झालं पण त्यात पुणे जिल्हा नाही.) रिट आलीच नाही. मॅडमनी नोटीस पाठवली होती की आदेश पाळला नाही तर कलम ४८ खाली फौजदारी तक्रार होते, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड, आणि जबाबदार अधिकाऱ्याला स्वतः उभं राहावं लागतं. आठवड्यात फोन आला.

हे सगळं जुन्या कायद्याखालचं आहे. २१ नोव्हेंबर २०२५ला चारही लेबर कोड लागू झाले आणि १९४७च्या कायद्याची जागा इंडस्ट्रियल रिलेशन्स कोडने घेतली, त्यामुळे आज कोणावर ही वेळ आली असेल तर कलमं आणि मुदती वकिलाकडून नव्याने विचारून घ्या, माझ्या आकड्यांवर जाऊ नका.

जानेवारी २०२४मध्ये मामा जॉइन झाला, वय ५४. मी सोबत गेलो होतो. त्याने जॉइनिंग रिपोर्टच्या दोन प्रती नेल्या होत्या. क्लार्क म्हणाला ठेवा काका, शिक्का नंतर मारतो, साहेब मीटिंगमध्ये आहेत. मामाने खुर्ची ओढली आणि बसला. पावणेदोन तास बसला. शिक्का, तारीख, इनवर्ड नंबर, सगळं बघून मगच उठला.

मागच्या पगाराची रक्कम मार्चमध्ये जमा झाली, टीडीएस कापून. सात वर्षांचे पैसे एका वर्षात आले की टॅक्सचा स्लॅब उगाच वर जातो, त्यावर तेव्हाच्या इन्कम टॅक्स कायद्यात कलम ८९ची सवलत होती, पण त्यासाठी रिटर्न भरायच्या आधी फॉर्म १०ई ऑनलाइन भरावा लागायचा. तो भरायला म्हणून मी जूनमध्ये मामाकडून नवीन फॉर्म १६ मागवला. मामाने धायरीहून फोन केला, म्हणाला अजून मिळाला नाही, ऑफिस म्हणतंय कधीच पाठवलाय. मग त्यांच्याकडून पीडीएफ मागवली. बडतर्फीनंतर मामाची नोंद सिस्टिममधून उडाली होती, जॉइन झाल्यावर कोणीतरी सर्व्हिस बुक समोर ठेवून ती नव्याने भरलेली. पत्ता, शुक्रवार पेठ.